इटालियन बाई शेवटी काय म्हणते

शहाण्णवच्या जानेवारीतली, बहारीनमधली ही गोष्ट. पहाटे शेजारी भांडी वाजायला लागली आणि लीनाने डोळे उघडले. खरं तर ती झोपलीच नव्हती. शरीफुन्निसाभाभींचं स्वयंपाकघर आणि लीनाची झोपायची खोली यांच्यामध्ये एकच भिंत होती, आणि तीसुद्धा नावापुरतीच. तवा ठेवल्याचा आवाज आला, नळ सोडल्याचा आला, मग जमालुद्दीनभाईंचं खोकणं ऐकू आलं. कुणीतरी रत्नागिरीला निघालं असेल, पहाटेचं विमान असेल, असं तिने ठरवून टाकलं आणि कूस बदलली. डोक्यात दुसरंच चाललं होतं. आज तिला मुहर्रकला जायचं होतं, जयेशच्या घरी, एकटीने. आणि ते शिरीषला कळायला नको होतं.

शिरीष शेजारी निवांत घोरत होता. हा माणूस वाईट असता तर लीनाचं काम किती सोपं झालं असतं! पण तो वाईट नव्हता. बँकेतली नोकरी, वेळेवर घरी, मुलीचा अभ्यास, गाडी धुणं, सगळं जागच्या जागी. दर रमजानला बँकेतून सोनेरी फीत बांधलेला खजुराचा डबा मिळायचा, तोही हा बाबा न उघडता थेट शेजारी नेऊन द्यायचा. ‘त्यांच्या सणाचं आहे, त्यांच्याकडेच जायला हवं,’ हे दरवर्षीचं ठरलेलं वाक्य. लग्नाला इतकी वर्षं झाली, पण त्याने लीनाला कधी टाकून बोललेलं कुणी ऐकलं नाही. आणि तिच्याकडे कधी क्षणभर टक लावून पाहिलेलंही कुणी पाहिलं नाही. यात त्याचा गुन्हा काय, असं कुणी विचारेल. गुन्हा काहीच नाही. पण भूक लागते ती काही कुणाच्या गुन्ह्यामुळे लागत नाही.

जयेशची ओळख महाराष्ट्र मंडळाच्या दिवाळीत झाली. तो सित्र्याच्या एका कारखान्यात इंजिनिअर होता. बायको नाशिकला शाळेत शिकवायची आणि नोकरी सोडून इकडे यायला तयार नव्हती, म्हणून तो मुहर्रकमध्ये एका जुन्या घराच्या वरच्या मजल्यावर एकटाच राहायचा. बोलायला गोड. समोरच्या बाईचं बोलणं पुरं ऐकून घ्यायचा, आणि परदेशात चार भिंतींत बसलेल्या बाईला एवढं पुष्कळ होतं. मंडळातल्या लोकांत कॅसेटींची देवाणघेवाण चालायची, तशी त्याने एकदा एक कॅसेट आणून दिली. साइटवरचा इटालियन फोरमन घरी परत जाताना ती मागे ठेवून गेला होता. खाली इंग्रजी अक्षरं नाहीत, काही नाही, सगळा पिक्चर इटालियनमध्ये. “बघा तरी,” जयेश म्हणाला, “तुम्हाला आवडेल.”

आवडला म्हणजे काय, लीनाला त्या पिक्चरने झपाटलं. एका तळ्याकाठच्या गावातली दाताच्या डॉक्टरची बायको. नवरा भला, घर चांगलं, जेवणाच्या टेबलावर पांढरं कापड. आणि ही बाई दुपार झाली की बोटीत बसून पलीकडच्या काठावर एका माणसाला भेटायला जाते. तो माणूस दिसायला बरासुद्धा नाही. तरी जाते. बोटीच्या कठड्याला धरून उभी राहते तेव्हा तिच्या चेहऱ्यावर सुख नसतं, नुसती तगमग असते. ती तगमग लीनाला शब्दांशिवाय कळली. कळलं नाही ते एकच. शेवटच्या प्रसंगात बाई घरी येते, नवरा अंगात कोट घालून टेबलाशी बसलेला असतो. ती दारातच थांबते, एक वाक्य बोलते, आणि पिक्चर संपतो.

ते वाक्य काय असेल? लीनाने कॅसेट मागे नेऊन नेऊन बाईचे ओठ पाहिले. कुकर लावताना तिला वाटायचं, बाई म्हणते, ‘मी चालले.’ कपडे वाळत घालताना वाटायचं, ‘मला माफ कर.’ शिरीष पेपरात डोकं घालून ‘मीठ दे’ म्हणाला की वाटायचं, ‘तू मला कधी काही विचारलंस का?’ जयेशला फोरमन लोकांमुळे थोडं इटालियन यायचं, पण हे वाक्य त्यालाही कळलं नव्हतं. साइटवरच्या दुसऱ्या इटालियनला विचारतो, म्हणाला. तोवर ‘तुम्ही’चं ‘तू’ झालं होतं. कॅसेटच्या निमित्ताने तो दोन-तीनदा घरीही येऊन गेला होता, आणि एकदा कप घेताना त्याची बोटं तिच्या बोटांवर जरा जास्त वेळ राहिली होती. काल त्याचा फोन आला. “कळलं मला ती काय म्हणते ते. पण फोनवर नाही सांगणार. उद्या सुट्टी आहे माझी. सकाळी ये.”

वाक्य ऐकायला कुणी मुहर्रकला जात नाही, हे दोघांनाही ठाऊक होतं.

सकाळी शिरीष नेहमीसारखा गेला. आर्या शाळेच्या बसमध्ये चढली. आदल्या संध्याकाळी तिने सांगितलं होतं, “ममा, इफ इट्स रमदान टुमॉरो, वी’ल कम होम अर्ली.” लीना तेव्हा उद्या कोणती साडी नेसायची याचा विचार करत होती. “हो हो,” म्हणाली, आणि विसरली. तसंही चाँद त्या रात्री दिसायचा नाही, रोजे एक दिवस उशिरा लागणार, असं सगळेच म्हणत होते. टीव्हीवरची घोषणा उशिरा झाली, तोवर यांच्या घरात दिवे मालवलेले होते.

ती दाराला कुलूप लावत होती तेवढ्यात आत फोन वाजला. लीनाच्या हातातली किल्ली थांबली. जयेशच असणार, नको येऊ म्हणून सांगत असणार. फोन वाजत राहिला. उचलला तर जाणं रद्द, न उचलला तर जाता येईल, असा सरळ हिशोब तिने केला आणि कुलूप ओढून पाहून ती जिना उतरली. खालच्या खबूसवाल्याचं शटर पाडलेलं होतं. या वेळी तिथे गरम रोट्यांसाठी रोज रांग असते. लीनाला उलट बरंच वाटलं, आपल्याला जाताना बघणारं कुणी नाही. टॅक्सीवाल्याच्या रेडिओवर कुराणाचं पठण चाललं होतं. मान वर न करता तो गाडी हाकत राहिला, तेही बरंच वाटलं. माणसाने मनातून एक गोष्ट ठरवली की सगळं जग आपल्या सोयीचंच दिसायला लागतं.

मुहर्रकच्या गल्लीत जयेश जिन्याच्या वरच्या पायरीवर उभा होता. घर झाडलेलं होतं, पलंगावर नवी चादर होती. लीनाला ती चादर पाहून लाज वाटली आणि आवडलंही. “काय म्हणते ती?” तिने दारातच विचारलं.

“अगं, बस तरी. आधी चहा.”

चहा टाकायच्या आधी त्याने स्वयंपाकघराची खिडकी लावून घेतली. मग गल्लीकडचा पडदा ओढला, हलक्या हाताने, आवाज होऊ न देता. किती जपतो आपल्याला, लीनाच्या मनात आलं. कुणी आपलं नाव घेऊ नये म्हणून किती काळजी. या एका विचाराने तिचा उरलासुरला धीटपणा गोळा झाला. पुढे काय झालं ते सांगूनच टाकते, नाहीतर वाचणाऱ्याचं लक्ष तिकडेच राहील. जे करायला ती आली होती ते झालं. तिला वाटलं होतं तितकं भयंकर नव्हतं, आणि वाटलं होतं तितकं मोठंही नव्हतं. मध्येच वरून एक विमान गेलं तेव्हा खिडकीची काच थरथरली आणि ती आर्यासारखी दचकली.

“आता सांग,” ती साडी सारखी करत म्हणाली.

जयेश हसला. “ती विचारते, सूप गरम करू का.”

“काय?”

“सूप. नवरा जेवायचा थांबलेला असतो ना, तर ती विचारते, सूप गरम करू का. संपलं.”

“खोटं बोलतोस.”

“दोघांना विचारलं मी. दोघंही तेच म्हणाले.”

लीनाला इतका राग आला की तिचं तिलाच नवल वाटलं. इतके दिवस तिने त्या बाईच्या तोंडी काय काय घातलं होतं! त्यातलं एखादं तरी आपल्याला कधीतरी म्हणता येईल, अशी तिला आशा होती. आणि ती बाई विचारते काय, तर सूप! “पिक्चर आहे गं तो,” जयेश म्हणाला आणि तिचा हात धरला. “थांब ना थोडी. वेळ आहे अजून.” तिने घड्याळ पाहिलं. शिरीषची बँक सुटायला अवकाश होता, आर्याची बसही लांब होती. वेळ होताच. तरी तिने चपला घातल्या.

परतीच्या टॅक्सीत तिचा घसा कोरडा पडला होता. पर्समधली पाण्याची बाटली काढून तिने तोंडाला लावली, तशी ड्रायव्हरने आरशातून पाहिलं. म्हातारा बहारीनी होता. ओरडला नाही. उलट त्यालाच संकोचल्यासारखं झालं. “मदाम, पानी मफी,” तो म्हणाला. “आज रमदान. बाहर पुलिस देखेगा.”

लीनाने बाटली खाली घेतली. मग एकेक गोष्ट तिच्यापुढे येऊन उभी राहायला लागली. पहाटेची भांडी. खबूसवाल्याचं शटर. आर्याचं बोलणं. रमजानात शाळा लवकर सुटते. बँक लवकर सुटते. दारातून निघताना वाजलेला फोन जयेशचा नव्हता. शिरीष सांगत होता, आज लवकर येतोय.

आणि आर्याकडे घराची किल्ली नव्हती.

“यल्ला, भाईसाब, जल्दी,” ती म्हणाली. पण जल्दी कुठून होणार? सगळी कचेऱ्यांतली माणसं एकदमच सुटली होती. मुहर्रक आणि मनामाला जोडणाऱ्या पुलावर गाड्यांच्या रांगाच रांगा लागल्या होत्या. दोन्ही बाजूंना शांत पाणी. लीनाला ती बोटीच्या कठड्याला धरलेली बाई आठवली आणि तिचा विलक्षण संताप आला. पोरगी दाराशी बसली असेल. की कुणाबरोबर गेली असेल? शिरीष आला असेल, बायको कुठे म्हणून विचारत असेल. काय सांगायचं? दवाखाना? दवाखान्याची फाईल कुठे? मैत्रीण? मैत्रिणीला तो फोन करेल, विश्वास नाही म्हणून नव्हे, काळजीने करेल. बाजार? मग हातात पिशवी कुठे? प्रत्येक सबब ती उलटून पाहायची आणि प्रत्येकीला भोक दिसायचं.

आणि मग पुलाच्या मध्यावर तिला आणखी एक गोष्ट कळली. जयेशला ठाऊक होतं. त्याने खिडकी लावली, पडदा ओढला, ते चहासाठी. आजूबाजूला रोजेदार, त्यांना दिवसाढवळ्या चहा दिसू नये, वास जाऊ नये. मुहर्रकमध्ये राहणारा माणूस एवढं जाणतो. आज रमजान लागला हे त्याला ठाऊक होतं, बँका कधी सुटतात तेही ठाऊक होतं, तरी तो म्हणाला, वेळ आहे अजून. शेजाऱ्यांची काळजी होती त्याला. तिची नव्हती. लीनाने पदर तोंडाला लावला. रडायलासुद्धा ही जागा नव्हती, ड्रायव्हर आरशातून बघत होता.

ती जिना चढून वर आली तेव्हा शेजारचं दार किलकिलं होतं. शरीफुन्निसाभाभी दारामागेच उभ्या असाव्यात, कारण लीना शेवटच्या पायरीवर पोचायच्या आत त्यांनी तिला हाताला धरून आत ओढलं. रोज्याने त्यांचे ओठ सुकले होते.

“आर्या?” लीनाच्या तोंडून एवढंच निघालं.

“आत हाय, माझ्या सुहाबरोबर. जेवली ती. हळू बोल.” भाभींनी तिच्याकडे खालपासून वरपर्यंत पाहिलं. “शिरीषभाऊ येऊन बसलेत घरात कवाचे. विचारत होते, लीना कुठं. मी सांगितलं, माझा रोजा, माझ्यानं जाववत नाय, म्हणून लीना माझ्यासाठी बाब अल बहरीनच्या बाजारात खजूर आणाया गेली.”

“भाभी...”

“कुठं गेलीस ते मला सांगू नको. मी आंधळी नाय. तो कॅसेटवाला कितीदा आला ते मला दिसलंय.” भाभींचा आवाज कापत होता, आणि तो रागाने की दुःखाने हे लीनाला कळेना. “पहिलाच रोजा, लीना. पहिल्या रोज्याला मी खोटं बोलले, तुझ्यापायी. तुझ्यापायी नाय, त्या पोरीपायी. आता परत मला बोलाया लावू नको.”

भाभी आत गेल्या. कपाटापाशी लोकांकडून आलेले खजुराचे दोन-चार डबे रचून ठेवले होते. त्यांतला वरचा त्यांनी उचलला आणि लीनाच्या हातात कोंबला. “रिकाम्या हातानं जाव नको. सांग, एक तुमच्यासाठी पण आणला. आर्याला मी मागनं पाठवते.” लीनाला त्यांच्या पाया पडावंसं वाटलं. भाभींनी दार लावून घेतलं.

घरात टीव्ही चालू होता. शिरीष सोफ्यावर बसला होता, बूट तसेच, टाय तसाच. समोर तळं, तळ्यात बोट, बोटीत ती बाई. कॅसेट व्हीसीआरमध्येच राहिली होती.

“आलीस?” तो म्हणाला.

“हो. भाभींना खजूर हवे होते. म्हटलं, एक डबा आपल्यालाही घ्यावा.” तिने डबा टीपॉयवर ठेवला. आपला आवाज नेहमीसारखा आहे असं तिला वाटलं.

“मी फोन केला होता सकाळी.”

“मी निघाले होते.”

“भरपूर वेळ लागला.”

“गर्दी किती बाजारात! पहिला दिवस ना.” हे तिला ऐन वेळी सुचलं आणि बरं सुचलं. छातीवरचा दगड जरा हलला. निभावलं बहुतेक. भाभींच्या कृपेने निभावलं.

शिरीषने डबा उचलला. फितीवरून अंगठा फिरवला. फीत सोनेरी होती. लीनाने ती आत्ता पाहिली. शेजारच्या दारापासून या टीपॉयपर्यंत डबा तिच्याच हातात होता आणि तिने एकदाही त्याच्याकडे पाहिलं नव्हतं. शिरीषने डबा उलटा केला. तळाला त्याच्या बँकेचं नाव आणि शिक्का असलेली चिठ्ठी चिकटवलेली होती, दरवर्षी असते तशी. दरवर्षीसारखाच आज घरी येताना, दाराचं कुलूप पाहण्याआधीच, त्याने तो न उघडता शेजारी दिला असणार. सुहाने दार उघडलं असेल, घेतला असेल, इतर डब्यांवर ठेवला असेल, आणि आईला सांगायचं राहून गेलं असेल.

त्याने डबा परत सुलटा केला आणि होता तिथे, सरळ रेषेत ठेवला. तो आता विचारेल. आता विचारेल. तो टीव्हीकडे बघत राहिला. पडद्यावर बाई घरी आली होती, दारात थांबली होती. तिचे ओठ हलले. नवऱ्याचा चेहरा, आणि मग काळा पडदा, पांढरी अक्षरं.

“काही कळत नाही यांचं,” शिरीष म्हणाला. “ही शेवटी काय म्हणते?”

माहीत नाही, असं म्हणणं सगळ्यात सोपं होतं. लीनाने तोंड उघडलंही तेवढ्यासाठीच. पण आज सकाळपासून तिचं खोटं जगून झालं होतं, शेजारणीला रोज्यात खोटं बोलायला लावून झालं होतं, आणि आणखी एक तिच्याच्याने उचलवेना.

“सूप गरम करू का, असं विचारते.”

“एवढंच?”

“एवढंच.”

“आणि तो काय म्हणतो?”

लीनाने इतक्या वेळा कॅसेट मागे नेली होती, पण हा प्रश्न तिला कधी पडलाच नव्हता. शिरीषने रिमोट घेतला, पिक्चर थोडा मागे नेला आणि पुन्हा लावला. बाई दारात. सूप गरम करू का. मग तो दाताचा डॉक्टर. बाईचे ओठ पाहता पाहता लीनाने या माणसाकडे आजवर पाहिलंच नव्हतं. आज पाहिलं. त्याला सगळं ठाऊक होतं. ती दारात यायच्या आधीपासून ठाऊक होतं. घरात ऊब असूनही त्याने कोट काढला नव्हता, कारण हे घर आपलं आहे की नाही तेच त्याला आता सांगता येत नव्हतं.

पडदा काळा झाला. लीनाने शिरीषकडे पाहिलं. बूट तसेच. टाय तसाच. एवढा टापटीप माणूस, दारात बूट काढल्याशिवाय एक पाऊल आत न टाकणारा. तो तिच्याकडे बघत होता, टक लावून, आणि आता तिलाच ती नजर झेपेना. काहीतरी बोलायला हवं होतं. मी चालले. मला माफ कर. तू मला कधी काही विचारलंस का? महिनाभर जमवलेलं एकही वाक्य कामाला येईना. सवयीने ती स्वयंपाकघराच्या दारापर्यंत गेली आणि जीभ आपोआप हलली.

“जेवण गरम करू का?” ती म्हणाली.

आणि आपण काय बोललो ते तिला ऐकू आलं. शिरीषलाही आलं असावं. त्याच्या चेहऱ्यावर काहीतरी हललं आणि थांबलं. तो हो म्हणाला नाही, नाही म्हणाला नाही. त्या बाईचा पिक्चर इथे संपला होता, तिला पुढे काही करावं लागलं नव्हतं. भिंतीपलीकडे आर्या सुहाबरोबर कशाला तरी खदखदून हसत होती, थोड्या वेळाने ती घरी येणार होती, आणि लीना दारात उभी होती, तो काहीतरी म्हणेल म्हणून.